एकवीस जुलैचे पेढे

केकच्या सुरीवर अकरा हात होते. सोमेश बिरादारच्या वाट्याला करंगळीपुरती जागा आली, तीही मागून वाकून.

एक जून. देगलूरच्या डेपोत त्या दिवशी एसटीचा वाढदिवस असतो आणि अकरा ड्रायव्हर-कंडक्टरांचाही. त्यांच्या वेळी शाळेत नाव घालताना पोराची तारीख कुणालाच सांगता यायची नाही. गुरुजी एक जून लिहून मोकळे व्हायचे.

"पुढच्या मेमध्ये रिटायर," घरी येताना सोमेश म्हणाला. "तवर एकदा तरी सुरी आख्खी धरायची हाय बघ, सृष्टी. एकट्यानं."

तो हसला, पण सृष्टीला ते हसू काही पटलं नाही.

सृष्टी त्याचं शेंडेफळ, दहावीतली. शाळेच्या दिनविशेषाचा फळा गेल्या वर्षीपासून तिच्या ताब्यात होता. कुठला तह कधी झाला, कुठलं विमान कधी उडालं, सगळं तिला तोंडपाठ. फक्त पप्पांची तारीख तेवढी नव्हती. आणि एक जूनला तर शाळेला सुट्टीच असायची, म्हणजे फळ्यावर यायची तीही सोय नाही.

"आजीनं कधीच सांगितलं नाही?"

"आई गेली तवा मी पाच वर्षांचा. तिचं तोंडबी नीट आठवत न्हाई मला." मग म्हणाला, "शिवम्मा हाय म्हनतेत अजून गावात. समद्यांची बाळंतपणं तिनंच केली."

"मग तिला का नाही विचारलं?"

"ह्या वयात सुईणीला जाऊन इचारू, मी कवा जन्मलो म्हनून? लोक हसतील की."

रविवारी सृष्टी एकटीच गावच्या गाडीत बसली.

ती पोचली तेव्हा शिवम्माच्या दारातून एक काका बाहेर पडत होते. पप्पांहून सात-आठ वर्षांनी तरी मोठे, खांद्यावर लाल टॉवेल. डोळे ओले, आणि चेहरा मात्र पहिला नंबर आल्यासारखा. ओळख ना पाळख, त्यांनी सृष्टीच्या डोक्यावर हात ठेवला आणि निघून गेले.

शिवम्मा ओसरीवर शेंगा फोडत होती. मोतीबिंदूनं दोन्ही डोळे दुधाळ झालेले.

"बा, कूत्को," ती कानडीत म्हणाली आणि शेजारी थापटलं. सृष्टी बसली.

"आजी, मी देगलूरहून आले. माझ्या पप्पांची..."

"थांब. नाव नको सांगू." म्हातारीनं तिची हनुवटी धरली, कपाळावरून अंगठा फिरवला. "वळखलं. मास्तरनं एक जून लावलीय न्हवं?"

"हाव."

"आन् तुला खरी पायजे."

काय ही आठवण, सृष्टीच्या मनात आलं. नावसुद्धा लागलं नाही.

"त्या दिशी मानूस चंद्रावर उतरला," शिवम्मा सांगू लागली. हातातली शेंग हातातच राहिली. "पारावर मास्तरचा रेडू, सारं गाव तितं. बाळंतिणीपाशी मी एकटी. न्याहारीचा टाइम आसंल. भाईर लोक वरडले, आन् हितं ह्यो आला. समदी लेकरं रडतेत. ह्यो रडला न्हाई. आढ्याकडं टकामका बघून राहिला. मी त्याच्या आईला म्हनलं, बाई गं, तुझं पोरगं चंद्र हुडकून राहिलं."

"मग आजी काय म्हणाली?"

"हसली. येवढ्या कळा दिल्यावर कुनी हसतं व्हय? पर लई हसली."

सृष्टीनं भराभर मोबाइल काढला. एकवीस जुलै एकोणीसशे एकोणसत्तर. वार सोमवार.

"सोमवार होता आजी. म्हणूनच सोमेश."

"हाव," शिवम्मा सावकाश म्हणाली, नाव जिभेवर ठेवून बघितल्यासारखं. "सोमेश."

"सांगू ना मी पप्पांना?"

"सांग की. त्येच्यासाठीच तर त्यो दिवस जपून ठेवलाय मी."

सोमेशनं ती गोष्ट सृष्टीकडून तीनदा सांगून घेतली. पहिल्यांदा चंद्राचं विचारलं. दुसऱ्यांदा रेडिओचं. तिसऱ्यांदा एवढंच, "हसली म्हनली ती?"

"लई हसली."

तिकिटाची मशीन आली तेव्हापासून कपाटात ठेवलेला जुना पंच त्यानं बाहेर काढला आणि बराच वेळ अंगणात उभा राहून नुसताच वाजवत होता. टिक टिक, टिक टिक.

एकवीस जुलैला सृष्टी अर्धा तास आधीच शाळेत गेली.

"चंद्रावरचं पाऊल वीस तारखेला ना?" सरांनी फळा बघत विचारलं.

"तिकडे वीस, सर. आपल्याकडे एकवीस उजाडली होती."

खाली दुसरी ओळ होती, जरा बारीक अक्षरात. 'याच दिवशी सोमेश बिरादार, एसटी कंडक्टर, यांचा जन्म.' सरांनी डस्टर उचललं, ओळ पुन्हा वाचली आणि डस्टर खाली ठेवलं.

संध्याकाळी घरी केक यायचा होता, एका हातानं कापायचा. त्याआधी डेपोसाठी पेढे. सोमेश इस्त्रीचा गणवेश घालून दुकानाबाहेर मोटारसायकलवर बसला, खिशातला पंच वाजवत. सृष्टी आत गेली.

"एक किलो पेढे."

"पावच किलो उरलेत, ताई," दुकानदार म्हणाला. "काय हाय की आज. सकाळपासून नुसते पेढेच चाललेत."

शेवटचा किलोचा पुडा समोरच्या माणसानं घेतला होता. तो वळला. खांद्यावर लाल टॉवेल.

त्यांनी तिला लगेच ओळखलं, पुड्याची दोरी सोडली आणि एक पेढा तिच्या हातावर ठेवला.

"घे बाई, तोंड गोड कर. आज वाढदिवस हाय माझा. खरा." मग लाजत, हळूच म्हणाले, "जन्मलो तवा रडलो न्हाई म्हनं मी. आढ्याकडं बघून चंद्र हुडकत व्हतो. आन् आई माझी लई हसली."