गार्डचं नाव

"रेडिओ जरा मोठा कर गं," ओंद्रेय म्हाताऱ्यानं खाटेवरनं सांगितलं. "आवाज कसा विहिरीतनं आल्यासारखा येतोय."

वेरोनानं, त्याच्या सुनेनं, बटण फिरवलं. सामना सुरू व्हायला अजून थोडा अवकाश होता. खिडकीबाहेर बर्फ भुरभुरत होतं. पोलादाच्या कारखान्याचा धूर त्या पांढऱ्यात मिसळून अख्खी गल्ली झोपेत असल्यासारखी दिसत होती.

"योझेफ पोचला असेल ना शिकागोला?"

"पोचला असेल की, बाबा. काल तुमच्यासमोरच बॅग उचलून गेला."

"गेला कसला, मी हाकलला म्हण." म्हातारा हसला आणि हसता हसता खोकायला लागला. कोळशाच्या खाणीतली सगळी उमर त्याच्या छातीत बसली होती. नाताळची आशा धरू नका, असं डॉक्टरनं वेरोनाला बाजूला घेऊन सांगितलं होतं.

ते ऐकून योझेफ म्हणाला होता, "मी जात नाही. तुमच्यापाशी बसतो."

म्हातारा उखडला होता. "उशाशी बसून माझं तोंड बघणार? काही नको. मैदानावर जा. मरायच्या आधी एकदा रेडिओवर स्लिव्का हे आपलं नाव ऐकव मला. मग ये बसायला."

ही त्याची जुनी खंत. पोरगा पगारी फुटबॉल खेळायचा, हातात चेंडू घेऊन पळायचा तो अमेरिकन फुटबॉल, वर्षानुवर्षं, पण खेळायचा गार्ड. गार्ड म्हणजे पुढच्या फळीतला गडी. त्यानं समोरच्याला अंगानं रेटायचं, वाट करून द्यायची, चिखलात तोंड खुपसून पडायचं. चेंडू घेऊन पळणार दुसराच, आणि रेडिओवाला नाव घेणार त्या पळणाऱ्याचं. आंधळं दळतंय आणि कुत्रं पीठ खातंय, त्यातली गत.

त्यातून लढाई चालू. गल्लीतली पोरं समुद्रापार, आणि हा एवढा धिप्पाड गडी घरी. डाव्या कानाचा पडदा फाटलेला म्हणून सैन्यानं परत पाठवला होता. त्याला काही सांगायचं तर उजव्या बाजूला जावं लागे. आठवडाभर तो कारखान्यात रणगाड्यांचे पत्रे ओढायचा आणि रविवारी खेळायचा. तरी शेजारणी विचारायच्याच, "काय हो, तुमच्या योझेफची लढाई फक्त रविवारी असते वाटतं?" म्हातारा ते गिळत आला होता. त्याला फार लागायचं ते.

रेडिओ महिनाभर मुका होता. समोरच्या गेझानं तो कालच दुरुस्त करून आणून ठेवला. मागून एक नवी तार काढून दाराखालून नेली. एरियल आहे म्हणाला.

"नमस्कार मंडळी," रेडिओ बोलला. आवाज घोगरा होता आणि चढा.

"हा कोण नवा?"

"नेहमीचा गेला असेल सैन्यात."

"आणि बघे ओरडत कसे नाहीत?"

"बघायला माणसं तरी कुठं उरलीत, बाबा?" वेरोना उठली. "थांबा, कॉफी बघते." स्वयंपाकघरात जाताना तिनं दार मागं ओढून घेतलं. चुलीचा धूर म्हाताऱ्याला सोसत नसे.

रेडिओतला माणूस बोलता बोलता मध्येच थांबला, काहीतरी प्यायला, आणि पुन्हा सुरू झाला. त्याच्याकडेही गारठा असणार. वेरोना कॉफीचा कप घेऊन बाहेर आली आणि खाटेशेजारी बसली.

म्हाताऱ्यानं डोळे मिटले. त्या घोगऱ्या आवाजाबरोबर मैदान हळूहळू त्याच्यापाशी आलं. बर्फात पुसून गेलेल्या रेघा. हिवाळ्यात गुरांच्या अंगातून निघावी तशी गड्यांच्या अंगातून वाफ निघत होती. मधेच त्याला समुद्रापलीकडे सोडून आलेल्या आपल्या जुन्या गावची टेकडी दिसली, आणि तिच्यावरून धावत खाली येणारा लहानगा योझेफ. पोरगा कधीच त्या गावी गेला नव्हता. तरी तिथं तो शोभत होता. म्हाताऱ्याला फार बरं वाटलं.

गल्लीपलीकडच्या कारखान्याची पाळी सुटल्याचा भोंगा झाला. तावदानं थरथरली. रेडिओतला माणूस भोंग्याच्या वर आवाज चढवून बोलत राहिला. म्हाताऱ्यानं डोळे उघडले, रेडिओकडे पाहिलं, वेरोनाकडे पाहिलं. तिची मान खाली होती. त्यानं पुन्हा डोळे मिटून घेतले.

"चेंडू निसटलाय," रेडिओ म्हणाला. "शिकागोवाल्याच्या हातून निसटलाय, बर्फावर पडलाय. त्याच्यावर कोण झेपावलं? गार्ड आहे. गार्डनं उचललाय. उठला, पळतोय. एक मागं पडला, दुसरा पायात आला, तोही मागं पडला. समोर कुणी नाही. पोचला. रेघेपार पोचला. स्लिव्का, मंडळी. योझेफ स्लिव्का. ओंद्रेय स्लिव्काचा मुलगा."

आवाज चिरकला. मग नुसतीच खरखर.

म्हाताऱ्याच्या डोळ्यांतलं पाणी कानाकडे ओघळत होतं. पुसायची त्याला काही घाई नव्हती.

"ऐकलंस, पोरी? बापाचंसुद्धा नाव घेतलं."

"ऐकलं, बाबा." तिनं पदरासारखा एप्रन तोंडाला लावला होता.

"बंद कर आता."

"अजून निम्मा सामना बाकी आहे की."

"राहू दे. गेझाच्या त्या तारेत बोलून बोलून धाप लागलीय त्याला. सामन्याला न गेल्याबद्दल संघवाले उद्या ओरडतील, ते वेगळंच." म्हाताऱ्यानं खाटेची कड थोपटून जागा केली. "स्वयंपाकघराचं दार उघड, आणि त्याच्या उजव्या कानाशी जाऊन सांग, नाव ऐकलं म्हणावं, आता ये बसायला."