अर्ध्या मिनिटाची जवळीक

“आणखी जवळ. नाकांमध्ये बोटभरच अंतर हवं,” कॅमेऱ्यामागून व्येको म्हणाला.

“याला सांग, मान सरळ धर म्हणावं,” दिंका व्येकोला म्हणाली.

“तिला सांग, सरळच आहे,” शिमुनने उत्तर धाडलं.

नवरा-बायकोची नाकं एकमेकांना टेकायची बाकी, आणि निरोप मात्र खोलीच्या दुसऱ्या टोकाहून फिरून येत होते. आठ महिने हेच चाललं होतं. शिमुन बेकरीवाला. दिंकाच्या वडिलांची होडी त्याने तिला न विचारता आपल्या भावाला देऊन टाकली, तेव्हापासून अबोला. उद्याच्या जहाजाने ती रियेकाला बहिणीकडे निघाली होती, कायमची. तिने जाऊ नये असं शिमुनला वाटत होतं, पण थांब म्हणायचं तर आधी तोंड उघडायला हवं.

स्प्लिट शहरातल्या आमच्या फिल्म क्लबात व्येकोइतकं तिरपागडं डोकं दुसरं नाही. त्याला माणसाच्या ओढीवर मूकपट करायचा होता. नुसते दोन चेहरे, ना गोष्ट, ना संवादाची पाटी. गल्लीतली एकही पोरगी तयार होईना. या दोघांना विचारलं तर दोघंही चटकन हो म्हणाली. का, ते कुणालाच कळेना. व्येकोने फार खोलात जायचं टाळलं. मूकपटाला अबोला चालतो, एवढं त्याला पुरे होतं.

त्याने किल्ली दिली. कॅमेरा घरघरू लागला. दोघं ओंडक्यासारखी बसली. एका किल्लीत तो अर्धा मिनिट चालायचा. घरघर थांबली, तशी दिंकाने अंगठा ओला करून शिमुनच्या भुवईवरचं पीठ पुसलं. शिमुनने डोळे मिटले.

व्येको उडालाच. “काकू, हेच हवं होतं! पण कॅमेरा थांबल्यावर काय करताय? पुन्हा करा!”

पुन्हा किल्ली, पुन्हा घरघर, पुन्हा दोन ओंडके. व्येकोने कपाळाला हात लावला. आता फिल्म एकाच किल्लीपुरती उरली होती.

तीही तशीच गेली. घरघर थांबली. दिंकाचा हात उठला आणि शिमुनच्या गालावर जाऊन राहिला. व्येको कॅमेरा सोडून पुढे आला आणि डोळे फाडून बघत उभा राहिला.

दिंकाने नजर हलवली नाही.

“शिमुन,” ती म्हणाली, “याला सांग, जरा तिकडे तोंड कर म्हणावं.”