दातदुखीची विहीर

आयर्लंडमधल्या एका चिमुकल्या गावात म्हातारा फिंटन पर्यटकांना संताची विहीर दाखवायचा. "हिच्या पाण्यानं दातदुखी पळते," असं छातीठोकपणे सांगायचा. शेजारीण डिम्फ्ना गालात हसायची.

एकदा शहरात ती डेंटिस्टकडे बसली होती. सुजलेला गाल धरून फिंटन आत आला आणि तिला पाहून दारातच थबकला.

"विहीर आटली वाटतं?" तिनं विचारलं.

तो ओशाळून शेजारी बसला. "गावात सांगू नकोस. त्या विहिरीमुळेच माझ्याशी चार माणसं बोलतात."

डिम्फ्नाचं हसू मावळलं. इतकी वर्षं शेजारी राहूनही तिनं त्याला कधी चहाला बोलावलं नव्हतं.

रविवारी ती पर्यटकांमध्ये उभी होती. कुणीतरी विचारलं, "खरंच गुण येतो?"

"मला आला," म्हणत ती ओंजळभर पाणी प्यायली. फिंटननं तिची ओंजळ पुन्हा भरली.