बरोबर रडलो का, माय?

किन्हीराजा गावात दंडारीचा खेळ असला की बायांची सोंगं गडीच घेत. मेलेल्या लेकराची माय दरसाल जगदेव व्हायचा, तेही आपल्या आईचं, चतुराबाईचं, लुगडं नेसून. पण तो ना ऊर बडवायचा, ना हंबरडा फोडायचा. नुसता खाली बसून पदराने लेकराच्या तळपायांची माती पुसत राहायचा.

घरी आला की लुगड्याची घडी करत विचारायचा, "बरोबर रडलो का वं माय?"

"कायचं रडला!" चतुराबाई फणकारायची. "लेकरू गेल्यावर माय पाय पुसत बसते का रे येड्या?"

छत्तीस सालच्या श्रावणात वावरात निंदताना जगदेवला साप डसला. लोकांनी त्याला उचलून आणलं आणि अंगणात ठेवलं. शेजारच्या बाया चतुराबाईला हलवू लागल्या, "रड वं माय, मोकळी हो." ती लेकाच्या पायाशी बसून तळव्यांना चिकटलेली काळी माती पदराने पुसत होती.

दोन्ही तळवे स्वच्छ झाले, तेव्हा ती त्याच्या कानाशी वाकली.

"जगदेवा, तू बरोबरच रडत होता रे."