रडण्याचा सीन

"तिला म्हणावं, आता रड," एमरिक म्हणाला. सकाळपासून सातव्यांदा.

कादंबरी पुण्यात फ्रेंच शिकली, टोकियोतल्या फुनाबोरीत संसार करता करता जपानी शिकली आणि दोन्ही भाषांचं चीज व्हावं म्हणून दुभाषी झाली. ते चीज आज असं होत होतं: टोकियोच्याच एदोगावा भागातल्या एका सरकारी इमारतीत, सत्तरी उलटलेल्या बाईंना रडवायचं. दोन वर्षांपूर्वी भूकंपानंतरच्या त्सुनामीत या बाईंचा, ओनोदेरा-सानचा, नवरा गेला, घर गेलं, बंदराकाठचं अख्खं गाव गेलं. तेव्हापासून त्या इथल्या दोन खोल्यांत राहत होत्या. आता त्या कॅमेऱ्यासमोर ताठ बसून हसत होत्या. घरी आलेल्या माणसांपुढे रडणं म्हणजे त्यांना संकोचात टाकणं, हे त्यांचं साधं गणित. त्यांनी चौथ्यांदा चहा आणला.

एमरिक व्होदेल हे फ्रान्समधलं मोठं नाव. निदान एके काळी होतं. अठ्ठाविसाव्या वर्षी त्याने पहिला सिनेमा लिहिला, केला आणि समीक्षकांनी त्याला डोक्यावर घेतलं. दुसऱ्या सिनेमाला खाली उतरवलं. तिसरा पाच तासांचा होता. पहिल्या खेळाला शेवटपर्यंत फक्त त्याची आई बसली, तीही घोरत. चौथा पुरा होईस्तोवर बायको सोडून गेली. पाचवा पुरा झालाच नाही. आता त्रेपन्नाव्या वर्षी हा सहावा. जपानचं दुःख त्याने पॅरिसमध्ये बसून तीन आठवड्यांत लिहून काढलं होतं, जपानमध्ये पाऊल न ठेवता. चौऱ्याहत्तराव्या पानावर 'म्हातारी रडते' असं स्वच्छ लिहिलं होतं. म्हातारीने ते पान वाचलं नव्हतं, एवढीच काय ती अडचण.

निर्मात्याने बजावलं होतं, आज रडण्याचा सीन मिळाला नाही तर सिनेमा बंद. आणि हा बंद पडला की सातव्या सिनेमासाठी एमरिकला कुणी दारात उभं करणार नव्हतं. खिडकीतलं ऊन चार वाजता जाणार होतं. साडेतीन वाजून गेले होते.

"नवऱ्याचं काढ," तो कुजबुजला. "लाट आली तेव्हा तो कुठे होता, विचार. शेवटचं काय बोलला, विचार. कॅमेरा चालूच आहे."

कादंबरीला त्याची चीड आली, आणि त्याच्या पगारावर इथे बसल्याबद्दल स्वतःचीही. ती ओनोदेरा-सानकडे वळली. ती काही विचारायच्या आत ओनोदेरा-सानच पुढे वाकल्या आणि त्यांनी हलक्या आवाजात काहीतरी विचारलं. मग कादंबरीने सांगायला सुरुवात केली, आणि काहीही हातचं राखलं नाही.

पाचेक मिनिटांनी ओनोदेरा-सानचं हसू मावळलं. त्यांनी रुमाल काढला. डोळ्यांना लावायच्या आतच पाणी गालांवर आलं. मग त्या हुंदके देऊन रडल्या, अगदी मनापासून, खांदे हलेपर्यंत. रडता रडता एक वाक्य बोलल्या आणि पुन्हा रडल्या.

"कट!" एमरिक ओरडला. त्याचेही डोळे भरून आले होते. "पाहिलंस? हे खरं दुःख! माझ्या लिखाणात होतंच ते! काय म्हणाली ती? शब्द न्‌ शब्द सांग. त्याच वाक्यावर सिनेमा संपवतो मी. नवऱ्याबद्दल म्हणाली ना?"

"नाही. हे साहेब सकाळपासून एवढे कासावीस का आहेत, असं त्यांनी विचारलं. म्हणून मी त्यांना तुमचे सगळे सिनेमे सांगितले. पहिल्यापासून."

"आणि?"

"त्या म्हणाल्या, 'माझं सगळं एका दुपारीच गेलं. या बिचाऱ्यांचं पंचवीस वर्षं जातंच आहे.'"