बावीस भाग कथील

पडद्यावरचा शेवटचा ठिपकाही विझला.

सेबोमने पुन्हा बटण दाबलं. काही नाही! मघाशी तिथे शंभर ठिपके होते, शंभर धातूंचे. एकेक अट टाकत जायचं, न बसणारे ठिपके गळतात, उरेल तो धातू निवडायचा. इंजिनिअरिंगच्या पोरांना धातूची निवड शिकवायचं हे सॉफ्टवेअर. सेबोमने वस्तू निवडली होती काशाचा वाडगा. बाबांच्या हातचा. अठ्ठ्याहत्तर भाग तांबं, बावीस भाग कथील. 'ठोकून घडवता यावा' अशी अट टाकली आणि शेवटी उरलेलं कासंच नेमकं गळालं.

"इतकं कथील घातलं की ठोकताना तडकतं, बाई," शेजारच्या बाकावरचा ग्युजिन म्हणाला. "तुझे बाबा काय मंत्र मारतात का त्यावर?"

सगळे हसले. सेबोमला हसू येईना. गावाकडे, आन्सोंगच्या काशाच्या भट्टीवर आता बाबा एकटेच उरले होते. "शिकून इकडे येणार असशील तर चालू ठेवतो. नाहीतर आजच विझवतो," ते सकाळी फोनवर म्हणाले होते. आणि या शहाणीने मनाशी पैज लावली होती. कासं उरलं तर हो, गळालं तर नाही.

तिने फोन लावला. पहिल्याच रिंगला बाबांनी उचलला.

"बाबा, मी नाही येत."

"बरं. जेवलीस का?"

तिने फोन ठेवला तेव्हा तास घेणारे प्यो सर मागे उभे होते. "तापमान किती टाकलंस?"

"वीस अंश."

"तुमच्याकडे कासं गार ठोकतात?"

सेबोमने जीभच चावली. खिडक्या लावून घेऊन, अंधारात धातूचा तांबडा रंग जोखत ठोकणारे बाबा जन्मभर पाहिले, आणि हे विसरली! तिने सातशे टाकले. कोपऱ्यात टपकन एक ठिपका उगवला, काशाचा.

ती बाहेर धावली. फोन वाजत राहिला. बाबा उचलेनात. दुसऱ्यांदा नाही, तिसऱ्यांदाही नाही. चौथ्यांदा आईने उचलला. मागे ठणठण ठणठण चाललं होतं.

"आई, भट्टी विझवली नाही?"

"कसली विझवतायत! तू नाही म्हणालीस, तेव्हापासून हातोडा खाली ठेवलेला नाही. म्हणतात, आता पोरीच्या वाट्याचे वाडगेही मलाच घडवायचेत."