एका नावाच्या दोघी

"तिरहास मेब्राहतू."

सभागृहातून उत्तर आलं नाही. डेन्व्हरच्या विधानभवनात नावं पुकारून मतदान चाललं होतं. अटक केलेल्या माणसाला कुठे ठेवलंय, हे त्याच दिवशी घरच्यांना कळवायला लावणारं विधेयक होतं. मांडलंही तिरहासनेच. निर्वासितांचे खटले लढता लढता वकीलबाई आमदार झाल्या होत्या, त्या याच एका कायद्यासाठी.

शेजारच्या आमदाराने तिला कोपराने ढोसलं. "अहो, तुमचं नाव घेतायत. झोप लागली की काय?"

झोप कसली! दुसरं कुणी उठतंय का, याची ती वाट पाहत होती. मायदेशातल्या तुरुंगात ती ज्या कोठडीत होती, तिथे तिरहास नावाच्या दोघी होत्या. शिपायाने दारातून नुसतं नाव घेतलं, बापाचं नाव घेतलंच नाही. ही भिंतीला चिकटून राहिली. दुसरी उठून गेली, ती परत आली नाही.

"तिरहास मेब्राहतू!"

"हो," ती म्हणाली. स्वतःचाच आवाज तिला परका वाटला.

विधेयक एका मताच्या फरकाने मंजूर झालं. हात मिळवायला आलेल्या लोकांमधून वाट काढत ती बाहेर पडली.

बाहेर बाकावर लेतेबरहान बसली होती, पांढरी नेत्सेला ओढणीसारखी डोक्यावरून घेऊन. त्या दुसऱ्या तिरहासची आई; हीसुद्धा तिला 'अदेय', म्हणजे आई, म्हणायची. ही या शहरात आली तेव्हा म्हातारीने पहिल्याच भेटीत लेकीची चौकशी केली होती. 'आम्ही वेगवेगळ्या कोठड्यांत होतो,' असं हिने सांगितलं होतं. तेच आजवर चालत आलं होतं.

"जिंकलीस पोरी! पण पहिल्या हाकेला गप्प का बसलीस? वर प्रेक्षकांच्या सज्जात बसल्या बसल्या माझा जीव टांगणीला लागला."

तिरहास तिच्या पायांशी फरशीवर बसली.

"अदेय, मी तुमच्याशी खोटं बोलले. आम्ही दोघी एकाच कोठडीत होतो."

आणि मग तिने सगळं सांगितलं. कुठल्या तिरहासला बोलावलं होतं, ते तिला आजही ठाऊक नव्हतं. "कदाचित मलाच," ती म्हणाली.

माणसं येत-जात होती. कुणीतरी लांबूनच तिरहासला अभिनंदनाचा हात केला. तिचं लक्ष नव्हतं.

"तिने विचारलं नाही?" म्हातारी म्हणाली. "कुठली तिरहास, म्हणून?"

"नाही. हाक आली तशी उठली."

"एका हाकेत?"

"एका हाकेत."

लेतेबरहानने नेत्सेलाचा काठ तोंडाशी धरला.

"घरी तीन-तीनदा ओरडावं लागायचं गं," ती म्हणाली. "पांघरूण ओढून काढल्याशिवाय कधी उठली नाही."